पिंप्राळ्यातली भरती

आमच्या शेजारचे तांडेल नाना भरतीशिवाय दाढीसुद्धा करत नसत. तुम्ही म्हणाल, असेना बापडा, कोकणातला माणूस. पण अहो, आम्ही राहत होतो जळगावला, पिंप्राळ्यात! जिथं उन्हाळ्यात नळाला पाणी नाही, तिथं हा गृहस्थ रोज खाडीची वेळ सांगायचा.

"तिथीची पाऊणपट कर. आज चतुर्थी, म्हणजे तीनला खाडी भरली."

ओहोटीत काम करायचं नाही म्हणजे नाही. एकदा न्हाव्याकडे बसले असताना ओहोटी लागली, तर तसेच उठले आणि सहा तास अर्ध्या डोक्यानं हिंडले.

हद्द झाली ती माझ्या बहिणीला बघायला सोनगीरची मंडळी आली तेव्हा. नाना फाटकात आडवे! "पाणी चढू दे. अर्धा तास थांबा."

मुलाचा मामा घाम पुसत ओरडला, "आठे जळगावमा समिंदर कोठे शे भाऊ?"

नाना हलले नाहीत. मंडळी अर्धा तास रिक्षात शिजली. लग्न मात्र जमलं, आणि त्याचं श्रेय नानांनी खाडीलाच दिलं.

मी एकदा वैतागून विचारलं, "नाना, काय ठेवलंय हो त्या भरतीत?"

"आमचा बाबा गावच्या खाडीवर तर चालवतो, म्हणजे माणसं पलीकडे नेतो होडीनं. ओहोटीत नुसता चिखल, भरतीला होडी निघते. लोटताना तो माझं नाव घेतो. त्याला लिहिता येत नाही रे, पत्र कुठलं पाठवणार? म्हणून वेळ लक्षात ठेवायची."

मला माझीच लाज वाटली.

दिवाळीनंतर तार आली. बाबा गेले होते. नाना गावी जाऊन, दिवस करून परतले, आणि त्यांनी भरतीचं नाव टाकलं. भर ओहोटीत दाढी करायला लागले. मला ते बघवेना.

शेवटी एका रविवारी दुपारी त्यांच्या ओट्यावर गेलो. "नाना, आज पंचमी. पावणेचार वाजलेत."

त्यांनी वस्तरा खाली ठेवला. साबण तसाच गालावर. "आता नाव कोण घेणार रे माझं?"

"आता तुम्ही घ्या त्यांचं."

नाना पश्चिमेला तोंड करून उभे राहिले आणि त्यांनी बापाच्या नावानं अशी काही हाक घातली, की समोरच्या अक्का नळ आला समजून बादली घेऊन बाहेर धावल्या.

"पानी उनं का, नाना?"

नानांनी ऐकलंच नाही. ते दुसरी हाक घालत होते, पलीकडच्या काठाला पोचेल एवढी मोठी.