दिगूभाऊंचं पहिलं वाक्य

दिगूभाऊ कल्याणकर रोज सकाळी दात घासून झाले की मरतात. आधी बाणाने, मग तलवारीने, आणि दूधवाला यायच्या सुमारास कड्यावरून पडून. चिक्कडपल्लीच्या आमच्या इमारतीला त्याची इतकी सवय झालीय, की कड्यावरची आरोळी ऐकली की मी चहाचं आधण ठेवतो. नवीन भाडेकरू मात्र पहिल्या दिवशी हमखास अनवाणी धावत वर येतो. दिगूभाऊ दार उघडून नम्रपणे सांगतात, "काही नाही, रियाज चाललाय."

व्हिडिओ गेममध्ये सैनिक, दरोडेखोर, राक्षस पटापट मरतात, त्यांच्या किंकाळ्या कुणाला तरी माइकसमोर उभं राहून द्याव्या लागतात. ते काम दिगूभाऊंचं. गेम तेलुगू असो, हिंदी असो, नाहीतर इंग्रजी. "मरणाला भाषा लागत नाही, मुकुंदा," ते मला सांगतात. "भाल्याचं मरण पोटातून येतं, विषाचं नाकातून. अन् राक्षसाला घाई नक्को." बेगम बाजारात मिरच्या घेताना ठसका लागला, तरी हा माणूस थबकून म्हणतो, "हा ठेवून देऊ. साप चावल्यावर चालेल."

खंत एकच होती. इतक्या वर्षांत त्यांना कुणी एक शब्द बोलायला दिला नव्हता.

मग एका गेमची मराठी आवृत्ती निघाली आणि त्यातल्या म्हाताऱ्या बापासाठी त्यांना बोलावणं आलं. आधी एकच वाक्य म्हणून दाखवायचं होतं: "गणप्या, पान वाढलंय, ये." जमलं तर सगळी भूमिका त्यांची; नाहीतर दुसरा माणूस बाहेर बसलेलाच होता. इस्त्रीचा सदरा घालून, मला सोबत घेऊन दिगूभाऊ हिमायतनगरच्या स्टुडिओत गेले.

"गणप्या" ठणठणीत आलं, "पान वाढलंय" बरं आलं, आणि "ये" म्हणता म्हणता दिगूभाऊ वारले.

काचेच्या अलीकडे माझ्याशेजारी बसलेला दिग्दर्शक पोरगा म्हणाला, "अंकल, खाने कू बुला रैं आप. इसमें मरना नक्को."

"हौ," म्हणून दिगूभाऊ पुन्हा वारले. या खेपेला विषाने. मी हसता हसता खुर्चीवरून घसरलो.

"दात काय काढतोस," ते माइकमधूनच माझ्यावर खेकसले. "वाक्य संपत आलं की जीव आपोआप जातो."

आणखी दोन-तीन बाप गेल्यावर दिग्दर्शकाने घड्याळाकडे पाहिलं. "आखरी बार, अंकल. घर में जैसा बुलाते, वैसाच बोलो ना."

दिगूभाऊ माइकजवळ सरले. मग हळूच म्हणाले, "घर में किस कू बुलाऊँ?"

मी काचेजवळ गेलो, दिग्दर्शकासमोरचं, आत बोलायचं बटण दाबलं आणि म्हणालो, "दिगूभाऊ, मला भूक लागलीय."

त्यांनी काचेतून माझ्याकडे पाहिलं. "मुकुंदा," ते म्हणाले, "पान वाढलंय. ये."

इतकं साधं, की माझा हात दाराकडे गेला. दिग्दर्शकाने अंगठा वर केला. मग त्यांनी गणप्यालाही तसंच बोलावलं.

परतल्यावर मी जिन्यात माझ्या मजल्याकडे वळलो, तर दिगूभाऊ म्हणाले, "भूक लागलीय म्हणालास ना?"

इतक्या वर्षांचा शेजार, पण त्यांच्याकडे मी कधी जेवलो नव्हतो. त्यांनी पिठलं टाकलं, भाकरी थापल्या. मग मांडणीसमोर नुसतेच उभे राहिले. घरात ताट एकच होतं. ते माझ्यापुढे ठेवलं, स्वतःला कढईच्या झाकणात वाढून घेतलं, आणि माझी भाकरी संपायच्या आत दुसरी वाढत राहिले.