घटिकापूरचा नियम आणि कुंडलिकरावांची वांगी

वेळेचा एक नियम मी शोधून काढला आहे, आणि पुण्याच्या एका मासिकाचे संपादक म्हणतात, तो पटत नाही. पटत नाही म्हणजे काय? नियम अगदी सरळ आहे. वेळ कधीच नाहीसा होत नाही. तुम्ही तासभर वाया घालवलात की तो तास शेजाऱ्याला मिळतो. माझ्या 'घटिकापूर' या कादंबरीतलं अख्खं जग या एका नियमावर चालतं. तिथं एका आळशी माणसाचा शेजारी तीनशे वर्षं जगतो, आणि जो तो शेजाऱ्याला पत्ते खेळायला बसवण्याच्या खटपटीत असतो.

संपादकांनी हस्तलिखित साभार परत पाठवलं. सोबत एकच ओळ, "सामान्य माणसास हे पटणार नाही."

बारामतीच्या शाळेत चौदा वर्षं शास्त्र शिकवतोय मी. सामान्य माणसाला काय पटतं, ते मला हे संपादक शिकवणार! रविवारी सकाळी हस्तलिखित लाल फडक्यात बांधलं, सायकल काढली आणि काटेवाडीला कुंडलिकरावांच्या मळ्यावर गेलो. आमच्या घरी भाजी त्यांचीच येते.

कुंडलिकराव खांद्यावर फावडं टाकून बांधावर उभे होते. त्या दिवशी कालव्याच्या पाण्याची त्यांची पाळी होती, नऊ ते अकरा. वैशाखाचं ऊन, वांग्यांनी माना टाकलेल्या. विहिरीवर मोट होती, पण कुंडलिकरावांची कंबर धरल्यापासून ती बंद. पाळी चुकली तर पुढचं पाणी बारा दिवसांनी, आणि तोवर वांगी जळून जाणार.

"मास्तर, घड्याळ हाय न्हवं? नऊ वाजलं की हाळी द्या."

"कुंडलिकराव, मी वेळेचाच अभ्यासक आहे. तुम्ही निर्धास्त ऐका."

घड्याळ काढलं आणि पानं उडू नयेत म्हणून त्यांच्यावर ठेवलं. तेवढ्यात कुंडलिकरावांच्या मंडळी, छबूबाई, बाहेर आल्या. लाल फडकं पाहून त्यांनी हस्तलिखिताला हळदकुंकू वाहिलं. साहित्याची अशी कदर पुण्यात होत नाही, म्हणून मी ते आणखी पुढं सरकवलं.

'अध्याय पहिला' अशी सुरुवात केली. कुंडलिकरावांनी पायताण काढलं, हात जोडले, डोळे मिटले. अध्याय बेचाळीस पानांचा, शिवाय मधूनमधून मी नियम समजावून सांगत होतो. मध्येच छबूबाई बांधावरून काहीतरी ओरडल्या, तर कुंडलिकरावांनी ओठांवर बोट ठेवून त्यांना गप्प केलं. मला भरून आलं. मी आणखी सावकाश वाचू लागलो.

अध्याय संपला. कुंडलिकरावांनी पानांवर डोकं टेकवलं, माझ्या हातावर गूळ ठेवला आणि कंबर धरूनच कालव्याकडे धूम ठोकली. घड्याळात सव्वाअकरा झाले होते.

मी मागोमाग धावलो. "अहो, मग मध्येच उठला का नाहीत?"

"अध्याय अर्ध्यात सोडून उठत्यात व्हय, मास्तर? पाप लागतं!"

आता सांगा, ही पोथी आहे असं मी म्हटलं होतं?

कालव्याची रीत अशी की ज्यानं आपलं पाणी घेतलं नाही, त्याचं पाणी पुढच्या रानात जातं. पुढचं रान भिमाचं. त्याचा ऊस पाण्यात डुंबत होता.

"भिमा, माजं दोन तास तुज्याकडं आल्यात," कुंडलिकराव म्हणाले. "मागारी दे. मास्तरांच्या पोथीत लिवलंय."

"मागारी द्यायचं लिवलंय का?" भिमानं विचारलं.

नव्हतं लिहिलं. एवढी एक बाजू माझ्याकडून राहून गेली होती.

भांडण अप्पांकडे गेलं. पाण्याची भांडणं गावात तेच मिटवतात. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि मला विचारलं, "मास्तर, ह्ये खरं हाय, का तुमी मनानं रचलंय?"

'रचलंय' म्हटलं असतं तर तिथंच सुटलो असतो. पण मग संपादक खरे ठरले असते.

"शंभर टक्के शास्त्रीय आहे," मी म्हणालो.

"मग भिमाचा दोष न्हाय. नेमानं आलं त्ये त्येनं घेतलं. कुंडलिकचा बी न्हाय, त्यो हात जोडून बसलाता. पर त्येचा येळ वाया घालवला कुणी?"

सगळे माझ्याकडे बघू लागले.

"दोन तास तुमी भरून द्या. हिरीवर मोट हाय."

"अप्पा, मी शास्त्राचा शिक्षक आहे."

"मग तर नेम तुमाला ठावाच हाय."

भर उन्हात दोन तास मी मोट हाकली. कोट बाभळीला टांगून. बैलांना माझी भाषा कळेना, मला त्यांची. छबूबाई वाफ्यांत पाणी फिरवत होत्या आणि मला "जरा बिगीबिगी" म्हणत होत्या. दोनच्या सुमाराला वांग्यांनी माना वर केल्या. माझी मान खालीच होती.

आंब्याखाली पटका उशाला घेऊन कुंडलिकराव घोरत होते. उठले, आळस दिला आणि म्हणाले, "मास्तर, तुमची पोथी खरी हाय बगा. सकाळी माजा येळ भिमाकडं गेला, आन् आता तुमचा माज्याकडं आला. लई दिसांनी असा डोळा लागला."

म्हणजे नियम सिद्ध झाला, आणि तोही सामान्य माणसाच्या तोंडून! घरी येताच संपादकांना खरमरीत पत्र लिहायला बसलो, पण तळहातांना फोड आलेले, लेखणी धरवेना.

"विनया," मी बायकोला म्हटलं, "मी सांगतो, तू लिही."

"मला नाही बाई वेळ," असं म्हणून ती शेजारच्या इंदिराकाकूंकडे गप्पा मारायला गेली.