पाच फूट एक इंच

आमचे शेजारी नरसिंगअण्णा पहिल्या भेटीत माणसाचं नाव विचारत नाहीत, उंची विचारतात. पुण्याहून बदली होऊन आम्ही इंदिरानगरात आलो तेव्हा सामान अजून टेम्पोतच होतं आणि हे दारात हजर. "पाच-नऊ असणार तुम्ही. उपयोगाचे नाही," म्हणाले आणि गेले. सासऱ्यांनीसुद्धा मला इतक्या झटपट निकालात काढलं नव्हतं.

खुलासा पुढे झाला. अण्णा इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक. घराणं तीनशे वर्षांपूर्वी इकडे कानडी मुलखात आलेलं, त्यामुळे मराठी फक्त उंबऱ्याच्या आत. स्वतःचा व्हिडिओ कॅमेरा घेऊन ते जुन्या देवळांवर माहितीपट काढतात. खांब केवढा हे कळावं म्हणून शेजारी माणूस उभा करायचाच, ही त्यांची शिस्त. "पट्टी नको. पट्टीला कोण बघतो? माणूस पाहिजे." तो माणूस वर्षानुवर्षं एकच, त्यांची बायको पद्माक्का.

आम्ही आलो त्याच्या आदल्या वर्षी पद्माक्का गेल्या. चालू माहितीपटातलं एकच देऊळ राहिलं होतं आणि अण्णा पाच फूट एक इंच उंचीचं माणूस शोधत होते. "सगळ्या खांबांना माप एकच पाहिजे की." गल्लीतल्या बायका त्यांना पाहून वाट बदलायच्या.

माझी बायको सुनंदा बिचारी भाजीच्या गाडीपाशी सापडली. बरोब्बर पाच-एक. रविवारी आम्ही कोलारच्या वाटेवरच्या त्या देवळात. अण्णांनी खडूनं खूण केली. "अक्का, स्वल्प डावीकडे. सरी, बरोबर. आता दगडाकडे बघा." मी छत्री धरून, नेहमीसारखाच निरुपयोगी.

बराच वेळ झाला तसं सुनंदानं वळून विचारलं, "अण्णा, झालं का?"

अण्णांनी कॅमेऱ्यावरून डोळा काढला. तिथल्याच पायरीवर बसले.

"ती पण अशीच वळायची. जेवणार कधी, म्हणायची. मी रागवायचो, शॉट बिघडला म्हणून. घरी येऊन तेवढा तुकडा पुसून टाकायचो."

"दर वेळी?" मी विचारलं.

"दर वेळी. काम फार चोख माझं. कपाटभर कॅसेटी आहेत, सगळ्यांत तिची पाठ. तोंड एकात पण नाही."

मला फार वाईट वाटलं. सुनंदा पुन्हा खुणेवर जायला निघाली.

"राहू दे अक्का," अण्णा म्हणाले.

"मग खांब केवढा ते कळायचं नाही," मी म्हणालो.

"नको कळू दे," म्हणत ते उठले आणि एकट्या खांबाचं चित्रण त्यांनी सुरू केलं.