नाव नंतर कळवण्यात येईल

बेसबॉल संघाचा खरा शत्रू प्रतिस्पर्धी नसून स्वतःचाच चांगला खेळाडू असतो. प्रतिस्पर्धी निदान पगार तरी मागत नाही.

ओहायोतल्या 'हेरन्स' संघाच्या मालकांना हे सत्य उमगले आणि त्यांनी ओस्वाल्डो टेरेरो हा हुकमी फलंदाज एका श्रीमंत संघाला देऊन टाकला. बदल्यात मिळाला एक खेळाडू, 'ज्याचे नाव नंतर कळवण्यात येईल'. (या खेळात असा व्यवहार रीतसर चालतो. लग्नात अजून चालत नाही.)

संघाचा जुना चाहता डेल्बर्ट क्रोल याला निर्णय पटला. लग्न झाल्यापासून तो आणि मॅक्सीन एकही हंगाम न चुकवता मैदानातल्या शेजारशेजारच्या खुर्च्यांवर बसत आले होते.

"काटकसर नको का करायला? मालकांनी विचार केलाच असेल की!"

"केलाय ना. नवी बोट घेतलीय त्यांनी," मॅक्सीन म्हणाली. "डोकं गहाण टाकलंयस का रे? रिकाम्या जागेला टाळ्या वाजवायला गेलास, तर मी चालले बहिणीकडे."

"अगं, जरा धीर धर. नाव कळू दे तरी!"

नाव काही कळले नाही, पण नव्या खेळाडूचा हंगाम निष्कलंक गेला. तो एकदाही बाद झाला नाही, त्याचा गुडघा दुखला नाही, पगारवाढीचा तर त्याने विषयच काढला नाही. ब्याऐंशी टक्के प्रेक्षकांना तो ओस्वाल्डोपेक्षा विनम्र वाटला. (उरलेल्यांचे मत नंतर कळवण्यात येईल.) पाठीवर नाव नसलेले त्याचे सदरे हातोहात खपले. डेल्बर्टने दोन घेतले. दुसरा पाहून मॅक्सीनने मुकाट्याने बॅग भरली.

डेल्बर्टला फार एकटे वाटू लागले. त्याच्या हॉटडॉगवरचा कांदा तीच उचलून खायची. आता तो तसाच उरायचा. शेवटी तो तिकीट खिडकीवर गेला.

"बायको येत नाही हो. तिची खुर्ची रद्द करा."

"रद्द कशाला, साहेब?" खिडकीवरची बाई गोड हसली. "तिथे आम्ही एक प्रेक्षक दिलाय तुम्हाला. नाव नंतर कळवू. पैसे मात्र तुम्हीच भरायचे."

डेल्बर्टने भरले. आता कुणी त्या खुर्चीवर बसू लागले की तो घाईने हात आडवा घालतो. "बसलंय इथं कुणीतरी," म्हणतो आणि डोळे पुसतो.

त्याला खुशाल हसा. फक्त 'पुढे काहीतरी चांगलं मिळेल' म्हणून तुम्ही हातचं जे देऊन बसलात, त्याच्या बदल्यात काय मिळणार होतं, त्याचं नाव कळलं का, तेवढं सांगा.