कोंडीरामाचा पाट

दत्तोबानं दुसऱ्या डब्याचं झाकण काढलं, तशी त्याच्या आईनं, गवराबाईंनी, गळ्यातली तुळशीची माळ मुठीत धरली. "मेल्या, माळकऱ्याच्या घरात मासळी?"

"आये, रंग हाय त्यो. इपॉक्सी प्रायमर! पिंपरीच्या आमच्या कारखान्यात लोखंडाला लावत्यात. फोरमन म्हनला, हे दोन डबं एकत्र कालवलं की लाकडावर बी दगडासारखा बसतोय."

पण वास खरोखरच सुकटीचा. दत्तोबा पाय धुवायला गेला तेवढ्यात डबा उकिरड्यावर पोचला. "ऱ्हाऊ दे, एका डब्यात भागवतो," म्हणत त्या शहाण्यानं घरातल्या पाटांना नुसता पहिल्या डब्यातला रंग फासला. सन अठ्ठावन्नात अख्ख्या महाळुंग्यात, असा रंग वाळत नाही म्हणून त्याला अडवणारं होतं तरी कोण!

घाई होती ती पाहुण्यांची. लेक इंद्रायणीला बघून दोन ठिकाणचे लोक "कळवतो" म्हणून गेले ते गेलेच. "आज न्हाई जमलं तर म्या पुन्यांदा कुनाम्होरं बसायची न्हाई," तिनं बजावलं होतं. आजा कोंडीराम तर नातीचं लगीन बघायचंय म्हणता म्हणता माघातच वारला.

भर दुपारी पाच पाहुणे आले. गवराबाईंनी पाट मांडले. मुलाचे वडील भिमाजी भिंतीकडेच्या मानाच्या पाटावर बसले. पुरणपोळ्या हाणून झाल्या. ढेकर देऊन भिमाजी म्हणाले, "बरं मग, कळवतो."

सैपाकघरातून इंद्रायणीचा हुंदका ऐकू आला.

पाहुणे उठले. पहिल्याच्या धोतराला चिकटून पाटही उठला. दुसऱ्याचाही. तिसरा गर्रकन वळला, तर त्याचा पाट चौथ्याच्या गुडघ्यावर बसला. हसलं मात्र कुणी नाही, कारण भिमाजी उठतच नव्हते, आणि त्यांचा पाटही जागचा हलत नव्हता.

"माज्या खांद्यावं हात कुनी ठिवलाय?" त्यांनी घाबरून विचारलं. मागं नुसती भिंत होती. चिलमीचा वास सुटला होता, आणि त्या घरात आता चिलीम ओढणारं कुणी नव्हतं.

"ती आमच्या मालकांची जागा," गवराबाई दारातून शांतपणे म्हणाल्या. "त्यास्नी 'कळवतो' म्हनलेलं कधी खपलं न्हाई."

"पसंत हाय! पोरगी पसंत हाय!" भिमाजी किंचाळले, आणि एवढ्या झटक्यात उभे राहिले की पडतापडता वाचले.

सुपारी फुटली. चार पाहुणे दत्तोबाची धोतरं नेसून गेले. दत्तोबा पोट धरधरून हसत होता. "आये, तुज्या उकिरड्यावरल्या डब्यानं सोयरीक जमवली गं!"

हसत हसतच तो भिमाजींचा पाट उचलायला वाकला. पाट हलेना. त्यानं बोट फिरवलं. कोरडं लाकूड. रंगाचा थेंबही नाही.

"ह्यो रंगवला न्हाई म्या?"

"मालकांचा पाट व्हय? त्यो माज्या घोंगडीखाली दडवला व्हता. त्यास्नी वास सोसला नसता."

दत्तोबा पाटापासून मागं सरला. इंद्रायणी बाहेर आली, पाटापुढं वाकली आणि डोळे पुसत म्हणाली, "आज्या, जमलं बरं का. उठा आता."

दत्तोबानं भीतभीत हात लावला. पाट अलगद उचलला गेला.