पंपचालकाच्या योग्य दरवाजाची हकीकत

श्रीमंत सरकारचा अंमल चहूकडे जारी असता, आणि त्या सरकारची खाती, खात्यांची मंडळे आणि मंडळांचे शिक्के कुत्र्याच्या छत्र्यांसारखे उगवले असता, पाणीपुरवठ्याच्या एका इमानी पंपचालकाने न्यायाचा दरवाजा शोधण्यास्तव जी मोहीम केली, तिची हकीकत यथामती लिहिली आहे. वाचकांनी धीर धरावा. पंपचालकाने धरला होता.

त्याचे ऐसे जाहले की, खात्याकडून बदलीचा हुकूम सुटला. ठिकाण मोठे मातब्बर. तेथे पंपघर होते, पंप मात्र यावयाचा होता. हुकूम पाहून घरात हलकल्लोळ जाहला. तीर्थरूप लकव्याने अंथरुणास खिळलेले, आणि त्यांस रोज उचलून खिडकीपाशी खुर्चीत बसविणे हे एकट्या पंपचालकाच्या बाहूंचे काम. पत्नी इस्पितळात परिचारिका, आज दिवसपाळी, उद्या रातपाळी, कंबरदुखी कायम. चिरंजीव दूर गेले म्हणजे तीर्थरूपांनी छताकडे पाहात पडावे, ऐसा बिकट प्रसंग.

मग पत्नीचे थोरले बंधू, वकिलीतले नामांकित सरदार, ज्यांस स्नेही तारीखबहाद्दर म्हणत, त्यांस पाचारण केले. त्यांनी बहुत मसलत करून दिवाणी न्यायालयावर चाल नेमिली. कारण सबळ होते: त्या न्यायालयाच्या जिन्याखाली त्यांचे टेबल होते. मग दावा गुदरला, आणि तारीख पडली, आणि न्यायाधीश रजेवर गेले, आणि परतले, आणि मग खात्याचे वकील चालून आले व अर्ज केला की, हा इसम खासा सरकारचा चाकर. चाकरीचा तंटा न्यायाधिकरणात चालतो, सबब यांस येथून काढावे. न्यायाधीशांनी बदलीच्या हुकमाकडे पाहिलेही नाही. दरवाजा तेवढा दाखविला.

घरी येताच भगिनीसाहेबांनी सरदारांची हजेरी घेतली.

“दादा, तुझं टेबल तिथं म्हणून आमचा खटला तिथं?”

“अगं, कोर्ट ते कोर्टच. काळे कोट सगळीकडे सारखे.”

“मग पोट दुखलं की डोळ्यांच्या डॉक्टरकडे जा. एप्रन पांढराच असतो त्याचा!”

सरदारांनी कागद गुंडाळिले, आणि सर्व लवाजमा न्यायाधिकरणावर चालून गेला. तेथे खात्याचे तेच वकील, तोच कोट, तीच मुद्रा, उभे राहिले आणि अर्ज केला की, हा इसम सरकारचा चाकर नव्हेच. हा पाणी मंडळाचा माणूस, खात्याने उसना आणिलेला. मंडळाच्या माणसांचे तंटे या दरबारी चालत नाहीत. तेव्हां पंपचालकास वाटले, आपण माणूस नसून शेजाऱ्याने मागून नेलेली शिडी आहोत.

तारीखबहाद्दर कागद आवरून माघार घेऊ लागले. परंतु मागील बाकावर भगिनीसाहेब पाळी संपवून थेट येऊन बसल्या होत्या, आणि त्यांची नजर पाठीत रुतली होती. पुढे न्यायाधिकरण, मागे बहीण. दोहोंत न्यायाधिकरण सौम्य. ऐशा पेचात सरदारांस उभ्या वकिलीतली पहिली अक्कल सुचली, आणि अर्ज केला की, माणूस सरकारचा नसेल, तर सरकारने त्याची बदली कोणत्या अधिकारे केली? आणि बदली करण्यापुरता सरकारचा असेल, तर दरवाजा हाच.

न्यायाधिकरणाच्या अध्यक्षबाईंनी चष्मा काढिला आणि खात्याच्या वकिलांकडे पाहिले.

“वकीलसाहेब, माणूस तुमचा की परका? एकच सांगा.”

“मॅडम, खात्याला विचारायला मुदत हवी.”

“घ्या. तोवर बदली थांबली.”

वकील दचकले. मुदत घेतल्या हाती परत केली. “तूर्त आमचाच धरा, मॅडम.”

“मग दरवाजा हाच. आणि सुनावणी होईपर्यंत बदली थांबलेलीच.”

पंपचालक विजयी मुद्रेने घरी आले आणि तीर्थरूपांस उचलू लागले.

“लागला का रे निकाल?”

“नाही बाबा. कुठं लागायचा, ते ठरलं.”

येणेप्रमाणे फत्ते जाहली, आणि दरवाजा रीतसर हस्तगत जाहला. बदली रास्त की गैर, हा किरकोळ मुद्दा तेवढा राहिला. तो अद्याप कोणी विचारिला नाही, याची नोंद असावी.