नाल्याकाठचे उंबर आणि कार्यालयीन वेळ

जरीपटका वस्तीच्या मागून वाहणाऱ्या नाल्याचा काठ गेली चाळीस वर्षे कोणत्याही खात्याच्या नोंदीत नव्हता. त्यामुळे तिथे निसर्ग होता. गढूळ पाण्यावर एक जुने उंबर, हरवलेले काही शोधत असल्यासारखे, वाकून उभे होते. पहाटे त्यावर हरियाल, ही हिरवी रानकबुतरे, उतरत. राज्यपक्षीच ते, पण कोणत्याही परिपत्रकाविना येत. समोरच्या टिनाच्या घरात वच्छलाबाई राहत. त्यांच्या दिवंगत धन्याने काट्यांचे कुंपण घालून हे झाड वाढवले होते. मागे उरलेले त्याचे एवढेच होते.

या अनागोंदीची गंभीर दखल घेऊन नगर निसर्ग प्राधिकरणाने काठ ‘संरक्षित जैवविविधता उद्यान’ म्हणून घोषित केला. संरक्षणाची पहिली पायरी म्हणून उंबराला चार खिळ्यांनी नोटीस ठोकण्यात आली: पक्षीनिरीक्षण मनोऱ्याच्या पायासाठी सदर वृक्ष हटवणे प्रस्तावित असून हरकती पंधरा दिवसांत नोंदवाव्यात.

वच्छलाबाई प्राधिकरणात गेल्या. उपअभियंता उन्मेष यांनी त्यांना बसायला खुर्ची दिली. इथवर व्यवस्था माणुसकीची होती.

“साहेब, ज्या झाडावर पाखरं बसतात थेच तोडसान, त मनोऱ्यावरून पाहसान काय?”

“मावशी, भावनिक होऊ नका. रीतसर गणना झाली आहे.” उन्मेष यांनी फाइल उघडली. “सतरा मे, दुपारी बारा ते दीड. आढळलेले पक्षी: निरंक.”

“मे महिन्यात, बारा वाजता? अवो, त्या उन्हात तुमचा शिपाई तरी बाहेर निंगते काय? पाखरं पहाटे येतात.”

“पहाटे कार्यालय बंद असतं.”

“थे पाखराईले कोणं सांगतलं?”

“माहिती करून घेणं ही त्यांची जबाबदारी आहे.”

फेरगणनेची तरतूद मात्र होती. अर्ज बाधितांनी करायचा होता. वच्छलाबाई बाधित नव्हत्या, पक्षी होते, आणि पक्ष्यांकडून विहित मुदतीत काहीही प्राप्त झाले नव्हते. पर्याय म्हणून वीस रहिवाशांच्या सह्या चालणार होत्या. उन्मेष यांनी वीस ओळींचा कोरा नमुना दिला. पहिल्या ओळीवर वच्छलाबाईंनी तिथेच, दुसरीत सोडलेल्या शाळेच्या अक्षरात, सही केली. उरल्या एकोणीस.

नाल्यापलीकडे ‘हरितश्वास’ ही सात मजली इमारत आहे. तिथले फ्लॅट याच उंबराचा फोटो दाखवून विकले गेले होते. पहिल्या मजल्यावरच्या गुंजनताईंनी दार उघडले. अंगात वाघ वाचवण्याचे आवाहन करणारा टी-शर्ट होता.

“अगं बाई, मावशी, किती चांगलं काम करून राहिल्या तुम्ही! मले त ऐकूनच रडू येऊन राहिलं.”

“मंग कर न वं सही.”

“सहीचं ह्यांना विचारून सांगते. तिथं पार्किंगही होणार आहे न...”

मात्र त्यांनी उंबराचा फोटो इमारतीच्या ग्रुपवर तत्परतेने टाकला. संध्याकाळपर्यंत त्याखाली त्रेचाळीस रडके चेहरे जमा झाले. नमुन्यात अश्रूंसाठी रकाना नव्हता.

सोळाव्या दिवशी पहाटे साडेपाचला करवत आली. दुपारच्या उन्हात मजूर टिकत नाहीत, ही गोष्ट प्राधिकरणाने मोठ्या संवेदनशीलतेने विचारात घेतली होती. उन्मेष स्वतः हजर होते. फांद्यांत हरियालांचा थवा बसला होता, प्रत्येक पान जणू पिसांचे झाले होते. वच्छलाबाई धावत आल्या.

“मोजा न साहेब! आता त आहे न तुम्ही इथं! मोजा!”

उन्मेष यांनी वर पाहिले. क्षणभर त्यांचे ओठ हललेही: एक, दोन, तीन... मग त्यांनी घड्याळ पाहिले.

“मावशी, ही वेळ तोडणीची मंजूर आहे. गणनेची नाही.”

करवत सुरू झाली. थवा उठला, झाड पडल्यावर हवेतल्या त्या रिकाम्या जागेभोवती दोनदा फिरला, आणि गेला.

आता मनोरा उभा आहे. वर सिमेंटचा हरियाल आहे; तो कार्यालयीन वेळेत आणि सुट्टीच्या दिवशीही हजर असतो. मागच्या रविवारी तुम्ही तिथे गेला होतात. फोटो छान आला. फक्त डाव्या कोपऱ्यात, हातात तोच वीस ओळींचा कागद धरून, एक म्हातारी तुमच्याकडे येताना दिसत होती. ग्रुपवर टाकण्याआधी तेवढा कोपरा तुम्ही काढून टाकलात.